भौतिकशास्त्र शिक्षणातलं संशोधन हे ‘खरं’ फिजिक्स आहे का? एमएस्सीनंतर त्यात पीएचडी करावी का?

प्रश्नाच्या तपशिलात तुम्ही तुमच्या मामांचं वाक्य दिलंय: “ज्यांना फिजिक्स झेपत नाही ते फिजिक्स एज्युकेशनकडे वळतात.” ते दिलं नसतं तर मी उत्तर लिहायला बसलेच नसते. हेच वाक्य, जवळजवळ याच शब्दांत, मी आमच्या स्टाफरूममध्ये ऐकलंय. बोलणारे आमचे एचओडी, ऐकणारी मी, आणि बाकीचे पेपरांच्या गठ्ठ्यात डोकं खुपसून बसलेले.

आधी मामांचं उरकते. अमेरिकन फिजिकल सोसायटीनं १९९९ सालीच जाहीर निवेदन काढून फिजिक्स विभागांत या संशोधनाला जागा असावी असं म्हटलंय. ज्या ‘फिजिकल रिव्ह्यू’त पेपर आला की लोक पेढे वाटतात, त्याच घराण्यातलं या विषयाचं स्वतंत्र जर्नल २००५ पासून निघतं. वॉशिंग्टन विद्यापीठात लिलियन मॅकडरमॉट यांनी हे काम फिजिक्स विभागात बसूनच केलं. मामांना एवढं सांगून बघा. पटणार नाही, पण तुमचं सांगून झालेलं असेल.

आता माझं. मी मध्य मुंबईतल्या एका ज्युनियर कॉलेजात अकरावी-बारावीला शिकवते. डिव्हिजनला शंभरच्या वर मुलं, आणि त्यातल्या बहुतेकांच्या दृष्टीनं कॉलेज म्हणजे दोन क्लासच्या मधली हजेरी. न्यूटनचे नियम संपवून, न्यूमेरिकल्स करून घेऊन झाल्यावर मी एकदा त्यांना वहीत चित्र काढायला लावलं. नाणं सरळ वर उडवलंय. हातातून सुटलंय, अजून वर चाललंय. हवेचा अडथळा धरायचा नाही. या क्षणी नाण्यावरचे फोर्स बाणांनी दाखवा.

मोठा बाण वर, छोटा बाण खाली. (हवा तसा बाण एकच: खाली, गुरुत्वाकर्षणाचा.) मी बाकांमधून फिरत गेले तर वहीमागून वही तेच चित्र. गतीची तिन्ही समीकरणं ही मुलं झोपेतून उठवलं तरी म्हणतात. “नाणं किती उंच जाईल?” विचारा, दहा सेकंदांत उत्तर. पण हात सुटल्यावरही हाताचा जोर नाण्यात राहतो, ही समजूत जागची हललेली नव्हती. यात माझ्या मुलांचं काही विशेष नाही. जॉन क्लेमंट यांनी १९८२ साली अमेरिकेतल्या इंजिनिअरिंगच्या मुलांना हाच प्रश्न विचारल्याचं छापलंय, त्यांतल्या बहुतेकांनी हाच वरचा बाण काढला होता. चौदाव्या शतकात पॅरिसचे बुरिदान नावाचे पंडितही हेच सांगत, की फेकणारा वस्तूत जोर भरून देतो. म्हणजे पोरं मूर्ख नाहीत. रोजच्या अनुभवावरून डोक्यात बसलेलं एक पक्कं तत्त्वज्ञान घेऊन ती वर्गात येतात, आणि आपण त्यावर सूत्रं चिकटवून मोकळे होतो.

मी वह्या घेऊन एचओडींकडे गेले. “अहो मॅडम, असला प्रश्न सीईटीला येतो का?” हे पहिलं. दुसरं, “तुम्ही नीट समजावलं नसेल. माझ्या वर्गात असं होत नाही.” मी म्हटलं, सर, मग तुमच्या डिव्हिजनला घालूया का हा प्रश्न? आजतागायत घातलेला नाही. तुमच्या मामांचं ते वाक्य आलं ते यानंतर.

मग मी हट्टालाच पेटले. हार्वर्डचे एरिक माझूर नव्वदीच्या सुरुवातीपासून ज्या पद्धतीनं शिकवतात ती उचलली. माझूर यांनाही वाटायचं की आपण उत्तम शिकवतो, फीडबॅकही तसाच यायचा. मग त्यांनी आपल्या मुलांना असेच साधे, आकडेमोड नसलेले प्रश्न दिले, तेव्हा एका मुलीनं विचारलं की उत्तरं तुम्ही शिकवलंत तशी लिहू की मला वाटतं तशी? माझ्या मते या सगळ्या क्षेत्राचं सार त्या मुलीच्या प्रश्नात आहे. पद्धत सोपी: एक प्रश्न टाकायचा, प्रत्येकानं मनाशी ठरवून मत द्यायचं, मग शेजाऱ्याला पटवायचं, मग पुन्हा मत. क्लिकर (बटण दाबून मत नोंदवायचं यंत्र) वगैरे आमच्याकडे कुठले! जुन्या लग्नपत्रिकांच्या पाठीवर ए-बी-सी-डी लिहून मुलांनी कार्डं केली.

तिसऱ्या बाकावरच्या दोघींचं भांडण अजून कानात आहे. एक म्हणाली, “फोर्स संपेल कसा, नाणं वर जातंय ना अजून?” दुसरी म्हणाली, “हात तर खाली राहिला. मग ढकलतंय कोण?” “आतला फोर्स.” “आतला म्हणजे कोणाचा? नाव सांग.” पहिली गप्प झाली, आणि मग स्वतःशीच पुटपुटली, “मग ते थांबत का नाही लगेच?” हा प्रश्न मी वर्षानुवर्षं फळ्याकडे तोंड करून सोडवून दाखवला असता तरी तिला पडला नसता. तो पडल्यावरच न्यूटनचा पहिला नियम तिला कामाचा वाटला.

अर्थात शंभर मुलं बोलायला लागली की मजला दणाणतो. सुपरवायझर येऊन गेले. पालकांची चिठ्ठी आली. सहामाहीच्या फीडबॅक फॉर्मवर कितीतरी जणांनी लिहिलं, “मॅडम चांगल्या आहेत पण शिकवत नाहीत.” एचओडींनी ते वाक्य विभागाच्या बैठकीत चष्मा लावून मोठ्यानं वाचलं. त्यांच्या फॉर्मवर असतं, “सर एकदम क्लिअर शिकवतात.”

हे फॉर्म बरीच वर्षं माझ्या डोक्यात सलत होते, ते २०१९ साली हार्वर्डमधल्याच देलोरिए आणि सहकाऱ्यांचा पेपर येईपर्यंत. त्यांनी एकाच अभ्यासक्रमातल्या मुलांचे चिठ्ठ्या टाकल्यासारखे दोन गट केले. एका गटाला छान, ओघवतं व्याख्यान. दुसऱ्याला तोच मजकूर, पण आधी स्वतः डोकं चालवायचं. चाचणीत दुसरा गट पुढे. आणि “किती शिकलात असं वाटतं?” या प्रश्नाला मात्र व्याख्यानवाल्यांनी जास्त गुण दिले. सरळ आहे. ऐकताना ओघ असतो म्हणून कळल्यासारखं वाटतं, स्वतः अडखळताना काहीच येत नाही असं वाटतं. मी त्याची प्रिंट काढून सरांच्या टेबलावर ठेवली. सर म्हणाले, “हार्वर्डची मुलं वेगळी.” आपल्याला कळलंय की नाही हे हार्वर्डच्या मुलांनाही कळत नसेल, तर आमच्या मुलांनी भरलेल्या फॉर्मवरून माझी परीक्षा कशी होते, एवढंच माझं विचारणं होतं. उत्तर अजून यायचंय.

माझं स्पष्ट मत: क्लिअर शिकवणं हा बऱ्याच अंशी रंगमंचावरचा प्रकार आहे, आणि आपल्याकडे शिक्षकाची पारख टाळ्यांवर होते. रिचर्ड हेक यांनी १९९८ साली ६२ कोर्सेसमधल्या साडेसहा हजारांवर विद्यार्थ्यांच्या संकल्पनांवरच्या चाचण्यांचे आकडे मांडले. कोर्सच्या सुरुवातीला जेवढं येत नव्हतं, त्यातलं निव्वळ व्याख्यानांच्या कोर्समध्ये सरासरी २३ टक्के भरून निघालं, मुलांना कामाला लावणाऱ्या कोर्समध्ये ४८ टक्के. व्याख्यान देणारे सगळे काही वाईट शिक्षक नसणार. तरी २३.

तुमचा खरा प्रश्न पीएचडीचा. मुंबईत असाल तर लांब जायला नको. टीआयएफआरचं (टाटा मूलभूत संशोधन संस्थेचं) होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्र मानखुर्दला आहे, १९७४ पासूनचं, आणि तिथे विज्ञान शिक्षणात पीएचडी करता येते. प्रवेशाचं त्यांच्या संकेतस्थळावर बघा, मी काही त्यांची प्रवक्ती नाही. पदवी विज्ञान शिक्षणातली असेल, फिजिक्समधली नव्हे. मामांना याचा फरक पडेल, तुम्हाला पडतो का ते आधी ठरवा. फिजिक्स विभागातूनच हवी असेल तर मुख्यतः अमेरिकेकडे बघावं लागेल. आणि बीएडशी गल्लत करू नका. बीएड शिकवायला तयार करतं, इथे तुम्हाला मुलाखती, चाचण्या, संख्याशास्त्र हे सगळं शिकून मुलांच्या डोक्यात काय चालतं याचा पुरावा गोळा करायचाय. फिजिक्स कच्चं असेल तर इथे चालतच नाही, कारण मुलाचं चुकीचं उत्तर नेमकं कुठून आलं हे ओळखायला विषय उलटसुलट यावा लागतो.

काही गोष्टी सांगायच्या राहिल्या. हेक यांचे आकडे शिक्षकांनी आपणहून पाठवलेले होते, म्हणजे ज्यांचं फसलं त्यांनी कदाचित पाठवलेच नसतील. या चाचण्या मुळात इंग्रजीतल्या आणि अमेरिकेतल्या वर्गांसाठी केलेल्या. शंभराचा वर्ग, जानेवारीच्या आत पोर्शन, समोर सीईटी, यावर या संशोधकांकडे फारसं उत्तर नाही. माझ्या वर्गातही सगळ्यांचा वरचा बाण गेला नाही. काहींचा फक्त आखूड झाला. न्यूमेरिकल्सचा सराव मी सोडलेला नाही, तुम्हीही कुणाला सोडायला सांगू नका. आणि आपल्याकडे या विषयातल्या नोकऱ्या मोजक्या आहेत, हे घरच्यांना वाटतं त्यात तथ्य आहे.

तरी पीएचडी करायचीच ठरली आणि विषय शोधत असाल तर एक सुचवते. ज्युनियर कॉलेजातले फीडबॅक फॉर्म आणि त्याच मुलांची संकल्पनांवरची चाचणी शेजारी ठेवून बघा, ‘क्लिअर शिकवतात’ आणि प्रत्यक्ष कळणं यांचा किती मेळ बसतो ते. मुंबईत कॉलेजांना तोटा नाही. फक्त आमच्या विभागाकडे फॉर्म मागू नका, परवानगीचा अर्ज एचओडींच्याच सहीनं पुढे जातो.