अनुकंपा नोकरीसाठी घरातलं कोण पात्र?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: वडील राज्य शासनाच्या कार्यालयात शिपाई होते, चार महिन्यांपूर्वी नोकरीत असतानाच वारले. आई 47 वर्षांची, ताई 24 वर्षांची आणि तिचं लग्न झालेलं, तुम्ही 17 वर्षांचे. चुलतभाऊ म्हणतो, अर्ज माझ्या नावाने करा.

चुलतभावाला आधी स्पष्ट नाही सांगा. नोकरीत असताना वारलेल्या कर्मचाऱ्याच्या घरातल्या एकाला नोकरी देणारी ही अनुकंपा योजना; पुतण्या, भाचा, जावई तिच्यात कुठेच बसत नाहीत. 21 सप्टेंबर 2017 च्या शासन निर्णयात पात्र कुटुंबीय ठरवून दिलेत: पती किंवा पत्नी, मुलगा, मुलगी, मृत्यूपूर्वी कायदेशीर दत्तक घेतलेलं मूल, विधवा, घटस्फोटित किंवा परित्यक्ता मुलगी अथवा बहीण. मुलगा हयात नसेल किंवा पात्र ठरत नसेल तर सून. भावाचा विचार होतो तो कर्मचारी अविवाहित असेल आणि भाऊ त्याच्यावरच अवलंबून असेल तर.

आईला वय आडवं येतं, कारण कमाल मर्यादा 45 आहे. ताईचं लग्न मात्र आड येत नाही. "लेकीचं लग्न झालं, आता तिचं काही नाही" असं कुणी आस्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांचं काम बघणारी शाखा) सांगितलं तर वाद न घालता तो 2017 चा शासन निर्णय पुढे ठेवा.

राहिलात तुम्ही दोघं, आणि नोकरी एकालाच. प्रतीक्षायादीतला क्रमांक परिपूर्ण अर्जाच्या तारखेवर ठरतो. म्हणजे ताईने आज अर्ज दिला तर ती पुढे राहील. तुम्ही अजून 18 वर्षांखालचे, म्हणजे कायद्याने अज्ञान आहात, त्यामुळे 18 पूर्ण झाल्यावर अर्ज करता येईल, पण तोही लगेच द्या. यादीत नाव लागलं म्हणजे लगेच ऑर्डर निघते असं नाही, कित्येक वर्षं जातात. मधेच यादीतलं नाव बदलून दुसऱ्या वारसाचं घालायला पूर्वी मनाई होती. 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ती अट अन्यायकारक ठरवली. तरी "आत्ता ताईचं नाव टाकू, मग बघू" असं करू नका. ज्याला नोकरी मिळते त्याला बाकीच्या कुटुंबाचा सांभाळ करीन असं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. ताई सासरी राहून आईचं आणि तुमचं खरंच बघणार आहे का, हे घरात बसून आधी बोला. माझं मत विचाराल तर ती पदवीधर असेल आणि तयार असेल तर तिचंच नाव द्या. लिपिक-टंकलेखकाच्या जागेला पदवीबरोबर टंकलेखन लागतं. दहावीवर थांबली असेल तर गट ड मधली, म्हणजे शिपाईसारखी जागा. गट अ आणि ब मधली, म्हणजे वरची अधिकारी पदं अनुकंपाने मिळतच नाहीत.

एक अट बरेच जण विसरतात. 31 डिसेंबर 2001 नंतर कर्मचाऱ्याला तिसरं अपत्य झालं असेल तर ते कुटुंबच अपात्र ठरतं. तुम्ही दोघंच भावंडं असाल तर प्रश्न नाही.

अर्ज अडकतो तो बहुतेक वेळा कागदांवर. मृत्यूचा दाखला, शैक्षणिक कागद, जन्मतारखेचा पुरावा आणि उरलेल्या वारसांची नाहरकत, तुमच्या बाबतीत आईची. ताईच्या शाळेच्या दाखल्यावर माहेरचं नाव आणि आधारवर सासरचं असणार, तेव्हा विवाह नोंदणीचं प्रमाणपत्र सोबत जोडाच. वडिलांच्या सेवापुस्तकात तिचं नाव कसं लिहिलंय तेही बघून घ्या. न्यायालयातून वारस प्रमाणपत्र काढायला महिने लागतात, तेव्हा ते मागतात का हे आजच विचारा. अर्ज वडिलांच्या नियुक्ती प्राधिकाऱ्याच्या (नेमणूक करणाऱ्या अधिकाऱ्याच्या) नावे द्या आणि पोच घेताना आवक क्रमांक व तारीख घातली आहे ना, ते तिथेच तपासा.