विसर्जनाची रात्र आणि आत्यांची झोप

“आमच्या आत्यांना वेड लागत चाललंय काय?” समुपदेशनासाठी माझ्याकडे आलेल्या शहापूरच्या एका सुनेने बसता बसताच विचारलं. आत्या म्हणजे तिची सासू. त्यांचं माहेर किल्लारीजवळचं. एरवी धडधाकट बाई. पण अनंत चतुर्दशीच्या रात्री अंथरूण घेऊन अंगणात बसतात, नातवंडांनाही आत झोपू देत नाहीत. “भूकंपाला तीस वर्षं होऊन गेली की! अजून विसरत कशा नाहीत?”

आत्यांना (ओळख बदलली आहे) मी भूकंपाचं काही विचारलं नाही. असलं उकरून काढू नये. त्या आपणहून बोलल्या. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे चारला चार मिनिटं कमी. आदल्या दिवशी विसर्जन झालेलं, गाव गाढ झोपेत. दगडमातीच्या जाड भिंती, वर मातीचं जड माळवद. त्या पहाटे जवळपास दहा हजार माणसं गेली. त्यात यांची आई आणि धाकटा भाऊ.

नवल म्हणजे शेजारच्या यंत्रमागांच्या खडखडाटात त्यांना छान झोप लागते. त्रास होतो तो मिरवणुकीतल्या डीजेचा. त्याने फरशी थरथरते, मांडणीतली भांडी वाजतात. शरीराने लक्षात ठेवलाय तो पायाखालचा हादरा. आणि तो वर्षातून दोनदा जागा होतो, एकदा तिथीने, एकदा तारखेने.

हे वेड नव्हे. आघातातून वाचलेल्या पुष्कळांना त्या दिवसांत असं होतं. सुनेला म्हटलं, “विसरा आता” हे घरात बंद करा. आत्यांना सांगितलं, दचकून जाग आली की दिवा लावा, पाय फरशीवर टेकवा, आजचं साल, गाव आणि घरात झोपलेल्यांची नावं मोठ्याने म्हणा. “म्हंजे हजेरीच की!” त्या हसल्या.

खरी सल वेगळीच निघाली. माहेरी कुणी उरलं नाही, त्यामुळे पितृपक्षात आईचं पान कोण वाढणार? शास्त्राचं गुरुजींना विचारा, म्हटलं. पण आईच्या हातचे धपाटे नातवंडांना करून घालायला कुणाची परवानगी लागते?

महिनोन्‌महिने झोप उडाली, रोजची कामं सुटली, जगणं नकोसं वाटू लागलं, तर मात्र मानसोपचारतज्ज्ञ गाठायचाच. १४४१६ या सरकारी हेल्पलाइनवर फुकट बोलता येतं.

यंदाही आत्या अंगणातच बसल्या. नातवंडं आत झोपली. “मग बऱ्या झाल्या म्हणायच्या?” सुनेने फोनवर विचारलं. म्हटलं, तीस तारीख जाऊ दे, मग दोघी मिळून या.