सोदाचे माहितीपट कुठून बघायला घ्यावेत?

जपानी माहितीपटकार काझुहिरो सोदा नव्यानेच बघतोयस, तर आधी ‘पीस’ (२०१०) बघ. ओकायामातले त्याचे सासू-सासरे, सासरे ज्यांना खाऊ घालतात ती भटकी मांजरं, आणि सासूबाई ज्यांच्या घरी मदतीला जातात ते नव्वदी पार केलेले आजारी आजोबा. एवढंच. त्या मांजरांत एक उपरा बोका शिरू बघतो, त्याच्यावर नजर ठेव. माझ्या मते चित्रपटाचा जीव तिथे आहे.

एक गोष्ट मनाशी पक्की कर: इथे कुणी समजावून सांगणार नाही. निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही. सोदा आधी अभ्यास करत नाही, पटकथा लिहीत नाही, कॅमेरा स्वतः चालवतो आणि विषय संकलनाच्या टेबलावर शोधतो. त्यामुळे पहिली वीस मिनिटं ‘काहीच घडत नाहीये’ असं वाटेल. वाटू दे. पुढे ढकलू मात्र नकोस, कारण माणसं मनातलं बोलतात ती अशाच लांबलेल्या शांततेनंतर.

मग उशिमादो या किनाऱ्यावरच्या गावाकडे वळ. ‘ऑयस्टर फॅक्टरी’मध्ये कालवं सोलायला गावात हात उरलेले नाहीत, म्हणून चीनहून कामगार येतात. त्यानंतर कृष्णधवल ‘इनलँड सी’ (२०१८): ऐंशी ओलांडलेला कोळी एकटा जाळी ओढतो, आणि कॅमेरा त्या मासळीमागे लिलावात, मासेवालीच्या दुकानात, गिऱ्हाइकांच्या दारात जातो. उरलंसुरलं मांजरांना. गाव कसं म्हातारं होत जातं, हे इतक्या जवळून मी फार कमी ठिकाणी पाहिलंय.

जुना जपानी माहितीपटकार शिन्सुके ओगावा, जो आपल्या चमूसह यामागाता प्रांतातल्या मागिनो गावात राहून भातशेती करत चित्रण करायचा, तो यानंतर घे. त्याचे चित्रपट फार लांब आहेत. सुट्टीचा दिवस राखून ठेव.