भानावर कोण येते? काल्पनिक दर्शनासाठी चेतना, जाणीव आणि भान

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. आपण लिहीत असलेल्या अद्भुत कादंबरीतल्या देशात एक दर्शन प्रचलित आहे. त्याच्या अनुयायांच्या मते जाणणारा असा कोणी नसतो. माळावर ऊन पडलेले असावे तसे जाणणे आधीपासूनच सर्वत्र पसरलेले असते, आणि प्राणी त्यात शिरतात, काही काळ वावरतात व बाहेर पडतात. या पसरलेल्या जाणण्याला आपण ‘चेतना’ म्हटले आहे, इंद्रियांनी होणाऱ्या बोधाला ‘संवेदना’ आणि दर्शनाला ‘चेतनावाद’. हे शब्द योग्य आहेत का, असे आपण विचारता. माझ्या मते तिन्ही बदलावेत.

‘चेतना’ या शब्दाविषयी संस्कृतात काही तक्रार नाही. अडचण आजच्या मराठीत आहे. चेतासंस्था, चेतातंतू, चेतापेशी हे शब्द शालेय विज्ञानातून सर्वांच्या कानांत बसले आहेत, त्यामुळे चेतना म्हटले की वाचकाचे मन मेंदूकडे आणि मज्जारज्जूकडे, म्हणजे सरळ शरीराच्या आत वळते, आणि आपल्या दर्शनाला तर नेमके तेच अमान्य आहे. आपल्या बडोद्यात आणखी एक गंमत होते. मराठीत आपण चूल चेतवतो, तर गुजरातीत ‘चेतवणी’ म्हणजे धोक्याची सूचना. दोन्ही भाषांत वावरणाऱ्या वाचकाला ‘चेतना’ वाचताना जाळ किंवा सूचनाफलक आठवला तर त्याला दोष देता येणार नाही. ‘संवेदना’ही शरीरालाच चिकटलेली आहे. दंतवैद्याने सुई टोचल्यावर ओठाला जी राहत नाही ती संवेदना. ज्ञानेश्वरीच्या पहिल्याच ओवीत आत्मरूपाला ‘स्वसंवेद्या’ अशी हाक आहे खरी, पण तो अर्थ आज बोलण्यातून गेला आहे, आणि हिंदी वर्तमानपत्रांच्या सवयीने संवेदना ‘व्यक्त’ करायची, म्हणजे शोक कळवायचा, हा अर्थ आपल्याकडेही शिरू लागला आहे.

मग ‘जाणीव’ का नको? शब्द अस्सल मराठी आहे आणि त्याची ‘नेणीव’ ही जोडीदारीणही संतवाङ्मयापासून आजच्या मानसशास्त्रापर्यंत सोबत आली आहे. परंतु जाणिवेला नेहमी विषय लागतो. ‘त्याला जाणीव नव्हती’ एवढेच वाक्य लिहिले, तर वाचक लगेच विचारतो, ‘कशाची?’ उपकारांची, जबाबदारीची, धोक्याची, अशी ती सतत कशाची तरी असते, शिवाय ती कोणाला तरी ‘करून द्यावी’ लागते.

‘भान’ मात्र एकट्याने उभे राहते. ‘त्याला भान नव्हते’ हे वाक्य पूर्ण आहे. ‘वेळेचे भान’, ‘सामाजिक भान’ असे प्रयोग आहेत, हे मान्य. पण त्या षष्ठीवाचून त्याचे अडत नाही. याहून महत्त्वाची गोष्ट शब्दकोशात नाही, वाक्प्रचारात आहे. आपण ‘भानावर येणे’ म्हणतो. राग आला, झोप आली, जाणीव झाली, या सर्व ठिकाणी ती ती गोष्ट माणसाकडे येते किंवा त्याच्या ठायी घडते, पण भानाच्या बाबतीत माणूस चालत येतो आणि भान जागेवर असते. घाटावर यावे, ओट्यावर यावे, तसा तो भानावर येतो. ‘शुद्धीवर येणे’ हेही याच घडणीचे आहे. मात्र शुद्ध हरपली की वैद्य बोलवावा लागतो, म्हणून तो शब्द दर्शनापेक्षा दवाखान्याच्या कामाचा. आपल्या कल्पित मुनींनी जे सूत्र बांधायला आयुष्य घालवले असेल, ते मराठी बोलणारा कोणीही दुपारच्या डुलकीतून उठताना सहज बोलून जातो.

व्युत्पत्तीही आपल्या बाजूची आहे. भान हा शब्द ‘भा’ म्हणजे प्रकाशणे या धातूचा. प्रभा, प्रतिभा, भानू ही त्याचीच भावंडे, आणि कठोपनिषदातले ‘तमेव भान्तमनुभाति सर्वम्’ हेही त्याच धातूवर उभे आहे. तेव्हा आपली उन्हाची उपमा शब्दाच्या पोटातच आहे. ‘देहभान हरपणे’ या प्रयोगाचाही आपल्याला उपयोग होईल. कीर्तनात श्रोत्याचे देहभान हरपते तेव्हा तो बेशुद्ध पडत नाही. आपले दर्शन म्हणेल की हरपतो तो देह, भान उरतेच. असा दुहेरी अर्थ लेखकाला फुकट मिळत असेल तर सोडू नये.

इंद्रियबोधासाठी ‘प्रत्यक्ष’ वापरावा असे आपल्याला कोणी सुचवले असल्यास थोडे थांबावे. बौद्ध आचार्य शांतरक्षितांचा ‘तत्त्वसंग्रह’ हा ग्रंथ १९२६ साली बडोद्याच्याच गायकवाड ओरिएंटल सीरीजमध्ये प्रसिद्ध झाला. त्यात प्रत्यक्षाच्या लक्षणाची स्वतंत्र परीक्षा आहे, आणि प्रत्यक्ष ‘कल्पनापोढ’, म्हणजे नाव-जातीच्या कल्पनेचा स्पर्श नसलेले, हे तर्कपंडित दिङ्नागांपासून चालत आलेले बौद्ध मत तेथे नैयायिकांशी, म्हणजे न्यायदर्शनाच्या अनुयायांशी, झुंजताना दिसते. ज्या देशात न्यायसूत्रांचे कर्ते गौतम झाले नाहीत आणि दिङ्नागही नाहीत, तेथे हा शब्द नेला की त्याच्यामागून सगळा वाद येतो. उलट सामान्य वाचकाला ‘प्रत्यक्ष’ म्हणजे फोनवर नव्हे, समोरासमोर, एवढेच ठाऊक असते.

मी ‘चाहूल’ आणि ‘ओळख’ ही जोडी सुचवतो. दांडिया बाजारातल्या आमच्या जुन्या घराला लाकडी जिना होता. दुपारी पडल्या पडल्या खालची पायरी करकरे, आणि ती करकर माणसाची की मांजराची, घरच्याची की पाहुण्याची, हे ठरण्याआधीचा जो एक क्षण असे, ती चाहूल. चौथ्या पायरीपर्यंत चपलेची लय कळे आणि मग काका आले, ही ओळख पटे. कल्पनापोढ म्हणजे काय हे मला पुढे पोथीतून समजले, पण ओळखीचे वाटले ते या जिन्यामुळे. शिवाय चाहूल कोणी ‘करत’ नाही, ती ‘लागते’. म्हणजे येथेही कर्ता नाही.

हाच न्याय क्रियापदांना लावावा. ‘मी झाड पाहतो’ यात पाहणारा मिरवतो. ‘मला झाड दिसते’ यात क्रियापद झाडाच्या मागे जाते आणि माणूस चतुर्थीत बाजूला उभा राहतो. ‘मला’ गाळले तरी वाक्य मोडत नाही. आपल्या दर्शनाच्या अनुयायांनी ‘दिसले’, ‘ऐकू आले’, ‘कळले’ असेच बोलावे, आणि ‘पाहिले’, ‘ऐकले’, ‘जाणले’ ही क्रियापदे त्यांच्या विरोधकांच्या तोंडी ठेवावीत. या विरोधकांना, म्हणजे प्रत्येक जिवाचे जाणणे वेगळे मानणाऱ्यांना, ‘जाणीव’ हा शब्द खुशाल द्यावा, कारण जाणिवेचे ‘जाणिवा’ असे अनेकवचन रूढ आहे, तर भानाचे अनेकवचन कोणी करत नाही. दोन पंथांतला मतभेद मग कोणा पात्राला भाषण करून सांगावा लागणार नाही.

राहिले दर्शनाचे नाव. ‘भानमत’ हे अर्थाने अचूक आहे, पण ते कटाक्षाने टाळावे. मराठी वाचक त्यात ‘भानामती’ वाचणार आणि आपल्या मुनींच्या हाती लिंबू-बिब्बे देऊन मोकळा होणार. ‘भानवाद’ चालेल, जरी प्रत्येक ‘वाद’ मला सभेतल्या ठरावासारखा ऐकू येतो. अनुयायांना ‘भानवादी’ न म्हणता तटस्थ, स्वस्थ, मध्यस्थ यांच्या धर्तीवर ‘भानस्थ’ म्हणावे. त्यात उभे राहण्याची जागा आहे, आणि दर्शनालाही ‘भानस्थांचे दर्शन’ एवढे नाव पुरेल.