कळफलकातली 'कळ' नेमकी कुठली?

प्रश्न असा होता की 'की' म्हणजे किल्ली, मग कीबोर्डला मराठीत कळफलक का म्हणतात, हिंदीवाले सरळ कुंजीपटल म्हणतात तसं आपलं किल्लीफलक का नाही झालं, आणि कळ तर पोटात येते ना?

पोटातली कळ आधी बाजूला ठेवा. छत्री उघडायला आपण काय दाबतो? कळ. तशीच टॉर्चची कळ, बंदुकीची कळ, आणि कळसूत्री बाहुल्या तर सगळ्यांना माहीत आहेत. दाबली, ओढली किंवा फिरवली की पुढचं काम आपसूक होतं, अशी यंत्रात बसवलेली छोटीशी करामत म्हणजे कळ. संस्कृत 'कला'चंच हे रूप आहे, हिंदीत त्याचं 'कल' झालं, कल-पुर्जेमधलं. 'कळीचा मुद्दा' म्हणतो तेव्हाही हीच कळ (कळीच्या नारदातली मात्र भांडणाची, तिला इथे आणू नका). म्हणजे ज्याने कोणी कळफलक शब्द घडवला त्याने डिक्शनरीत 'की' शोधली नाही, ती वस्तू काय करते ते बघितलं आणि घरात पडलेला शब्द उचलला. मला हा शब्द आवडतो तो त्यासाठीच.

कुंजीपटल मात्र शब्दाला शब्द लावून केलेलं आहे. कुंजी म्हणजे संस्कृत कुञ्चिका, कुलपाची किल्ली. आता गंमत अशी की इंग्रजीतल्या कीबोर्डमधल्या 'की'चा सुद्धा कुलपाशी थेट काही संबंध नाही. मध्ययुगातले युरोपातले संगीतवाले स्वराच्या अक्षराला लॅटिनमध्ये 'क्लाविस' म्हणजे किल्ली म्हणायचे, ते नाव ऑर्गनच्या दांड्यांना चिकटलं, तिथून पियानोला, आणि पियानोवरून टाइपरायटरला. टाइपरायटर करणाऱ्यांच्या डोळ्यासमोर खरंच पियानोच होता. इटलीतल्या ज्युझेप्पे रावित्झाने १८५५ मध्ये ज्या लेखनयंत्राचं पेटंट घेतलं त्याला त्याने 'चेंबालो स्क्रिवानो' असंच नाव दिलं, म्हणजे लिहिणारा हार्पसिकॉर्ड, पियानोच्या आधीचं तसंच एक वाद्य. आणि अमेरिकेत मिलवॉकीच्या शोल्स मंडळींचं १८६८ चं यंत्र बघाल तर त्यालाही पियानोसारख्याच पट्ट्या होत्या. जर्मन लोक तर किल्लीच्या वाटेलाच गेले नाहीत, त्यांचा 'टास्टे' हा शब्द इटालियनमधल्या स्पर्श करणे, चाचपणे यावरून आलेला आहे.

वर मी 'पट्ट्या' लिहून गेलो ते सहज, पण खरी मेख तिथेच आहे. पेटीवर आपण जे दाबतो त्याला मराठीत पट्टी म्हणतात आणि गाणाऱ्यालाही विचारतो, पट्टी कुठली, तो म्हणतो काळी एक. म्हणजे दाबायची वस्तू पण पट्टी आणि गाण्याचा सूर पण पट्टी, इंग्रजीतली 'की' अगदी हीच दोन्ही कामं करते! तेव्हा भाषांतरच करायचं म्हटलं तर कीबोर्डला पट्टीफलक म्हणायला हवं होतं, किल्लीफलक नव्हे :) आणि ज्यांना किल्लीच हवी असेल त्यांनी निदान चावी तरी घ्यावी, कारण चावी पोर्तुगीज 'शावी'वरून आलीये आणि शावी त्याच लॅटिन क्लाविसची मुलगी.

एक अडचण आहे ती मान्य करतो. कळचं अनेकवचन कळा. 'डावीकडच्या दोन कळा एकदम दाबा' असं कुठे वाचलं की मला बाळंतिणीची खोलीच आठवते, त्यामुळे बोलताना मीही बटणच म्हणतो, एंटरचं बटण दाब, बास. लिहिताना कळफलक आणि बोलताना कीबोर्ड नि बटण, यात मला काही गैर वाटत नाही. शिफ्टला तर कोणी मराठी नाव शोधायच्या भानगडीत पडलंच नाही. सुरुवातीच्या रेमिंग्टन टाइपरायटरवर फक्त कॅपिटल अक्षरं होती, १८७८ च्या रेमिंग्टन नंबर २ वर दोन्ही आली, आणि ती कळ दाबली की कागदाचा गाडाच जागचा सरकायचा म्हणून शिफ्ट. आता सरकत काहीच नाही, नाव राहिलं.

आपल्या इनस्क्रिप्टमध्ये, म्हणजे १९८६ साली केंद्र सरकारच्या इलेक्ट्रॉनिक्स खात्याने भारतीय लिप्यांसाठी ठरवलेल्या कळफलकाच्या मांडणीत, ल आणि ळ एकाच बटणावर आहेत, शिफ्टशिवाय ल आणि शिफ्टसकट ळ. प आणि फ चंही तसंच. इनस्क्रिप्ट येत असेल तर 'कळफलक' टाइप करून बघा, इंग्रजी बटणांच्या हिशोबाने बोटं के, एन, एच, एन, के अशी जातात, उलटं वाचा तरी तेच. एकही मात्रा नाही, सगळं उजव्या हाताने, डाव्या करंगळीला फक्त शिफ्ट.