आधी वजाबाकी, मग भागाकार

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

प्रदर्शनाचं पोस्टर मिळालं. रंग छान जमलेत, अक्षरांचं वळणही सुरेख आहे. शाळेत भूमितीच्या वहीत पेन्सिलला टोक न करता आकृत्या काढणारी मुलगी हीच का, असं वाटलं. पण त्या चित्रांवर तू जे सोनेरी सर्पिल, म्हणजे सुवर्ण गुणोत्तराने उलगडत जाणारी वेढ्यांची रेषा, बसवलं आहेस, त्याबद्दल जरा बोलायला हवं. नॉटिलसचा शिंपला, सूर्यफूल, आकाशगंगा, गणपतीची सोंड आणि वर शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा! ते सर्पिल पारदर्शक कागदावर असलं की कशावरही बसतं गं. थोडं फिरवायचं, थोडं ताणायचं, उरलेलं बघणाऱ्याचा डोळा सांभाळून घेतो. माझ्या चष्म्याच्या डबीवरही बसेल.

माझं म्हणणं एवढंच आहे की वस्तू दिसते कशी हे नंतर बघ, ती वाढली कशी हे आधी विचार. वाढीची रीत कळली की कुठलं सर्पिल हे आपोआप कळतं, आणि ते तपासायला पट्टी पुरते.

चकलीपासून सुरुवात कर. सोऱ्यातून पीठ सगळीकडे सारख्याच जाडीचं उतरतं, त्यामुळे प्रत्येक वेढा आधीच्या वेढ्यापासून तेवढ्याच अंतरावर बसतो. चकलीच्या मध्यावर पट्टी ठेव, एकाच रेषेवर प्रत्येक वेढा कुठे येतो ते लिहून घे आणि लागोपाठच्या आकड्यांची वजाबाकी कर. उत्तर दर वेळी जवळपास तेच येईल. हे आर्किमिडीजचं सर्पिल. त्याने ख्रिस्तपूर्व तिसऱ्या शतकात यावर एक अख्खा ग्रंथ लिहिला, आणि त्यातला एक निष्कर्ष मला आजही फार आवडतो. मध्यापासून सुरू झालेला पहिला वेढा जिथे पुरा होतो, तिथून जाणारं वर्तुळ मध्याभोवती काढ. वेढ्याच्या आतलं क्षेत्रफळ त्या वर्तुळाच्या बरोबर एक तृतीयांश भरतं. कलनशास्त्र (कॅल्क्युलस) जन्मायच्या कितीतरी शतकं आधी त्याने हे सिद्ध केलं.

आता आजीच्या देवघरातला शाळिग्राम माग. चक्र दिसणारा असेल तर उत्तम. (विचारून घे, आणि धुऊन परत ठेव.) ते चक्र म्हणजे अमोनाइट नावाच्या समुद्री प्राण्याचं कवच. हिमालय उभा राहण्याआधी तिथे समुद्र होता, त्याच्या तळाशी गाडलेली ही कवचं दगड होऊन आज नेपाळातल्या गंडकी नदीत सापडतात. इथेही तशीच पट्टी ठेव. वजाबाकी केलीस तर उत्तर वाढतच जाईल. मग भागाकार कर. प्रत्येक वेढ्याचं अंतर आधीच्या अंतराच्या साधारण तितक्याच पट निघतं.

कारण सोपं आहे. कवच वाढतं ते फक्त तोंडाच्या कडेला. मागे बांधलेला भाग प्राण्याला पुन्हा हलवता येत नाही, आणि स्वतः मोठा झाला तरी त्याचा आकार तोच राहायला हवा असतो. म्हणून जितका मोठा, तितक्याच प्रमाणात पुढची भर. यातून लॉगरिदमिक सर्पिल तयार होतं. ते कितीही मोठं केलं तरी पुन्हा तसंच दिसतं. याकोब बर्नुली या स्विस गणितज्ञाला याचं इतकं वेड होतं की आपल्या थडग्यावर ते कोरावं अशी त्याची इच्छा होती. तो १७०५ साली गेला. बाझलमध्ये त्याच्या स्मृतिशिळेवर सर्पिल कोरलेलं आहे खरं, पण पाथरवटाने कोरली चकली. तुझ्या पोस्टरवर निदान तेवढं होऊ नये.

तुझं सोनेरी सर्पिल हे लॉगरिदमिक घराण्यातलंच, पण घराण्यातलं एकच मूल. ते दर पाव फेरीला १.६१८ पट (हेच सुवर्ण गुणोत्तर) वाढतं, म्हणजे पूर्ण फेरीला ६.८५ पट. नॉटिलसचं कवच पूर्ण फेरीला साधारण तिप्पट होतं. तिप्पट कुठे आणि जवळजवळ सातपट कुठे! तरी जगभरच्या पुस्तकांत हे चित्र ‘निसर्गातलं सुवर्ण गुणोत्तर’ म्हणून छापलं जातं. आणखी एक, तू आयतांत चौरस काढून त्यांत पाव वर्तुळं जोडली आहेस, ते काटेकोरपणे लॉगरिदमिकही नाही. प्रत्येक जोडावर वळण एकदम बदलतं. नजरेला कळत नाही, पण ‘अचूक’ असं खाली लिहायचं असेल तर कळायला हवं.

सूर्यफुलापाशी मात्र थांब. इथे सुवर्ण गुणोत्तर खरंच आहे, फक्त तू दाखवलंस तिथे नाही.

सूर्यफुलाआधी मंडईत जाऊन एक अननस घे. सोलून मागू नकोस. उलट शेजारच्या गिऱ्हाइकासाठी विक्रेता कसा सोलतो ते उभी राहून बघ. साल काढली की काळे डोळे उरतात, आणि तो ते एकेक कोरत बसत नाही. सुरी तिरपी धरून डोळ्यांच्या ओळीने एक लांब खाच पाडतो, मग तिला समांतर दुसरी. त्या ओळी त्याला हाताने ठाऊक असतात. घरी आल्यावर तू टाचण्या घे. एका डोळ्यापासून तिरप्या ओळीने वर जा, मग शेजारची ओळ, दर ओळीला वेगळा रंग. एका दिशेने बहुधा ८ ओळी भरतील, उलट्या दिशेने १३. अधिक उभ्या चढणाऱ्या ओळी धरल्यास तर २१.

आता गंमत अशी की झाडाने या ओळी काढलेल्याच नाहीत. ते एका वेळी एकच डोळा मांडतं, आणि पुढचा डोळा साधारण १३७.५ अंश फिरून. बाकी काही करत नाही. मग ओळी आल्या कुठून? पाढे म्हण. १३७.५ च्या आठपट म्हणजे ११००, तीन पूर्ण फेऱ्या आणि वर २० अंश. तेरापट म्हणजे १७८७.५, पाच फेऱ्यांना १२.५ अंश कमी. एकवीसपट म्हणजे २८८७.५, आठ फेऱ्या आणि वर ७.५ अंश. म्हणजे कुठल्याही डोळ्याच्या एका अंगाला त्याच्यानंतरचा आठवा येऊन बसतो, दुसऱ्या अंगाला तेरावा, आणि जवळजवळ डोक्यावर एकविसावा. शेजारी शेजारी आले की आपला डोळा ते जोडतो आणि ओळ दिसते. सूर्यफुलात बिया पुष्कळ, म्हणून तिथे हेच आकडे पुढे सरकून ३४ आणि ५५ होतात, मोठ्या फुलात ५५ आणि ८९.

आणि १३७.५ च का? कोन १२० अंशांचा असता तर दर चौथं पान पहिल्याच्या डोक्यावर आलं असतं. तीन रांगा, मधे मोकळी जागा. हेही निसर्गात आहे. गणपतीत केवडा आणतेस ना, त्या झाडाची पानं तीन रांगांतच असतात आणि त्या रांगा पीळ घेत वर चढतात. सगळी झाडं एकाच कोनावर चालतात असं समजू नकोस. पण गच्च भरायचं असेल, तर कुठल्याही साध्या अपूर्णांकाच्या जवळ न फिरकणारा कोन हवा, आणि सुवर्ण गुणोत्तर या बाबतीत सगळ्यात हट्टी आहे. पूर्ण फेरी त्या गुणोत्तरात विभागली की लहान भाग १३७.५ अंशांचा निघतो. दुआदी आणि कुडेर या फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञांनी १९९२ मध्ये चुंबकीय द्रवाचे थेंब तेलाच्या बशीत मध्यभागी एकामागून एक सोडले. थेंब एकमेकांना ढकलत बाहेर जायचे. थेंब भरभर पडू लागले तसा लागोपाठच्या दोन थेंबांमधला कोन १३७.५ कडे सरकला. बशीत ना पेशी ना जनुकं. नवा आला की आधीच्यांपासून जमेल तितका लांब जातो, एवढाच नियम.

८, १३, २१ या आकड्यांना (प्रत्येक आकडा आधीच्या दोघांची बेरीज) आपण फिबोनाची या इटालियन गणितज्ञाचे म्हणतो, कारण १२०२ सालच्या त्याच्या ग्रंथात सशांचं गणित आहे. त्याच्या सुमारे पन्नास वर्षं आधी हेमचंद्र या जैन आचार्याने हेच आकडे छंदशास्त्रात मांडले, आणि विरहांक या छंदशास्त्रकाराने त्याच्याही आधी. लघूची एक मात्रा, गुरूच्या दोन. चार मात्रांची ओळ किती तऱ्हांनी भरता येईल? शेवटी लघू आला तर आधीच्या तीन मात्रा भरायच्या, गुरू आला तर आधीच्या दोन. तीनच्या तऱ्हा ३, दोनच्या २, बेरीज ५. पाच मात्रांच्या ८, सहाच्या १३. मोरोपंतांची आर्या मात्रांवर चालते, तिथे ही मोजणी करून बघ. पोस्टरवर मात्र ‘आमच्याकडे आधीच होतं’ अशी आरोळी नको. नाव आणि काळ लिही, तेवढ्याने काम होतं.

मोजताना १३ च्या जागी १२ किंवा ३४ च्या जागी ३३ आले तर तेच लिही. इंग्लंडमध्ये लोकांकडून सूर्यफुलं वाढवून घेऊन ६५७ फुलांची मोजणी झाली, ती २०१६ मध्ये प्रसिद्ध झाली. बहुतेक फुलांत फिबोनाचीचे आकडे निघाले, पण सगळ्यांत नाही. काहींत ४७ सारखे वेगळ्याच मालिकेतले आले, काहींत तर घोटाळाच. मला अशा मोजणीचा भरवसा जास्त वाटतो. तुझ्या तक्त्यात दहाच्या दहा फुलं शहाण्यासारखी वागली तर मी आधी तुझ्याकडे संशयाने बघेन.

आकाशगंगेबद्दल थोडक्यात. तिचे बाहू तिथे कायमचे रुतलेले नाहीत. आतले तारे फेरी लवकर पुरी करतात, बाहेरचे उशिरा, त्यामुळे बाहू एकाच पदार्थाचे असते तर कधीच गुंडाळून संपले असते. बऱ्याच दीर्घिकांत, म्हणजे आकाशगंगेसारख्या ताऱ्यांच्या प्रचंड समूहांत, ते गर्दीच्या लाटेसारखे असतात, तारे त्यातून आत जातात आणि बाहेर पडतात. शिंपल्याचं कारण इथे लागू नाही, म्हणून दोघांना एका चौकटीत ठेवू नकोस. २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनी आयुका ही पुण्यातली खगोलशास्त्राची संस्था सगळ्यांना खुली असते. तिथे जा आणि मोकळेपणाने विचार, त्या लोकांना प्रश्न आवडतात.

सोंड आणि दिल्ली दरवाजा काढून टाक. सोंडेचं वळण मूर्तिकाराच्या हातातलं, दरवाजा बांधणाऱ्याचं माप वेगळंच. सुवर्ण गुणोत्तर म्हणजेच सौंदर्य, ही समजूत पसरवली ती मुख्यतः १८५४ साली पुस्तक लिहिणाऱ्या त्साइझिंग या जर्मन गृहस्थाने. तिच्यासाठी पेशव्यांना वेठीला धरू नकोस.

त्या मोकळ्या जागी वारली चित्रातला तारपा नाच घे. जिव्या सोमा मशे यांची चित्रं बघ. मधे तारपा वाजवणारा, भोवती हातात हात गुंफून माणसांची लांब साखळी. माणसं साधारण सारख्या आकाराची, म्हणून वेढ्यांमधलं अंतरही सारखं. तिथे हे सर्पिल माणसांच्या अंगाने मोजलेलं आहे, आणि ते चकलीच्या घराण्यातलं आहे. खाली चित्रकाराचं नाव ठळक छाप.

प्रवेशाशी जमिनीवर तसंच सर्पिल रांगोळीने काढणार असशील तर हाताने काढू नकोस, डगमगेल. एक गोल डबा जमिनीवर पक्का बसव. त्याच्याभोवती सुतळी गुंडाळ, मोकळ्या टोकाला खडू बांध आणि सुतळी ताणून धरत उलगडत जा. दर फेरीला डब्याच्या घेराएवढी सुतळी मोकळी होते, म्हणून वेढ्यांमधलं अंतर बरोबर तेवढंच राहतं. मध्यापाशी आर्किमिडीजपेक्षा किंचित वेगळं वळेल, पण तिथे डबाच असणार आहे. वीस सेंटिमीटर घेराचा डबा घेतलास तर वेढ्यांमधून एक पाऊल टाकायला जागा राहील. लोक चालणार असतील तर त्याहून मोठा घे. आणि सुतळी नवी घेऊ नकोस, ती ताणली जाते. जुनी वापरलेली बरी.

– बाई