पोस्टर लेकीचं, धास्ती आईबाबांची

प्रश्न : आम्ही फ्रीमाँटला राहतो. लेक अकरावीत आहे, जन्म इथलाच. आम्ही दोघं एच-१बीवर, ग्रीन कार्डच्या रांगेत. तिला चित्रकलेची आवड आहे, क्लासही आम्हीच लावला. आता स्थलांतरितांच्या धरपकडीविरुद्ध शाळेतली मुलं वर्ग सोडून बाहेर येणार आहेत. त्यासाठी हिने पोस्टर केलंय. त्यावर तिच्या मैत्रिणीच्या आईचा चेहरा आहे, अगदी हुबेहूब. तेच चित्र मोठं करून गॅरेजच्या दारावर रंगवायचं म्हणते. हे म्हणतात, "चित्रं काढ, पण कला आणि राजकारण वेगळं ठेव." ती म्हणते, "अमेरिकेत ते कधीच वेगळं नव्हतं." आठवडा झाला, दोघांत अबोला आहे. सासरे साताऱ्याहून आलेत. त्यांचं एकच पालुपद, परक्या देशात हे उद्योग कशाला? तिला थांबवू कशी?
– एक आई

उत्तर : ताई, इतिहास तुमच्या लेकीच्या बाजूने आहे. पण तो सगळाच तिच्या सोयीचा नाही. थांबवायचं की नाही ते नंतर ठरवू. आधी एक शनिवार मोकळा काढा आणि सगळे मिळून सॅन फ्रान्सिस्कोच्या कॉइट टॉवरला जा, सासऱ्यांनाही न्या.

तुम्ही गेला असालच म्हणा. भारतातून पाहुणे आले की आपण त्यांना तिथे नेतो, लिफ्टने वर जातो, पुलाचे फोटो काढतो आणि पार्किंगची वेळ संपायच्या आत खाली पळतो. तळमजल्यावरच्या भिंती पाहायच्या राहून जातात. त्या १९३४ सालच्या आहेत. महामंदीत चित्रकारही बेकार झाले होते. सरकारने त्यांना मजुरी देऊन सार्वजनिक इमारती रंगवायला लावल्या, त्यातलं हे काम. पंचवीसेक चित्रकारांनी शेतं, गोदी, कारखाने, रस्ते रंगवले. बर्नार्ड झाकहाइमच्या वाचनालयाच्या चित्रात एक माणूस हातातलं वर्तमानपत्र चुरगाळत मार्क्सच्या 'भांडवल'कडे हात नेतोय. व्हिक्टर आर्नाटॉफने शहराचा गजबजलेला चौक काढलाय. त्यात भरदिवसा एकाला पिस्तूल दाखवून लुटलं जातंय आणि कोपऱ्यातल्या पेपरच्या स्टॉलवर डाव्यांची नियतकालिकं टांगलेली आहेत. पैसे सरकारचे, भिंत सरकारची आणि चित्र हे!

गंमत पुढेच आहे. त्याच उन्हाळ्यात गोदी कामगारांचा संप पेटला आणि ५ जुलैला पोलिसांच्या गोळीबारात दोघे मेले. टॉवरमधल्या एका चित्रात कोयता-हातोडा आहे अशी बोंब वर्तमानपत्रांनी ठोकली. टॉवर कुलूपबंद झाला आणि ते चिन्ह पुसल्यावर ऑक्टोबरात उघडला. बाकी सगळं तसंच राहिलं, आज त्याच्यासमोर लोक लिफ्टची वाट बघत उभे असतात.

यजमानांना त्यातला आर्नाटॉफ दाखवा. झारच्या घोडदळातला हा अधिकारी क्रांतीत बोल्शेविकांविरुद्ध लढला, देश सोडून परागंदा झाला आणि १९२५ साली विद्यार्थी व्हिसावर सॅन फ्रान्सिस्कोला चित्रकला शिकायला आला. म्हणजे आपल्यातल्या पुष्कळांसारखाच आला. मेक्सिकोत दिएगो रिवेराच्या हाताखाली भित्तिचित्रं शिकला आणि तिशीच्या दशकाअखेर चक्क कम्युनिस्ट झाला. पुढे स्टॅनफर्डला शिकवू लागला. १९५५ मध्ये त्याने उपाध्यक्ष निक्सन यांचं व्यंगचित्र काढलं, ते प्रदर्शनातून उतरवण्यात आलं. पुढच्या वर्षी अमेरिकाविरोधी कारवायांची चौकशी करणाऱ्या संसदीय समितीने त्याला बोलावलं. त्याला काढून टाका म्हणून विद्यापीठावर दबाव आला, पण नोकरी टिकली. तुमच्या यजमानांची भीती पोकळ नाही, हे मला यातूनच सांगायचंय. चित्राची किंमत मोजावी लागते, कधीकधी फार. "काही होत नाही हो" असं मी म्हणणार नाही.

आता लेकीसाठी. आर्नाटॉफचंच दुसरं काम शहराच्या पश्चिमेला जॉर्ज वॉशिंग्टन हायस्कूलमध्ये आहे. १९३६ सालचं, तेरा चित्रांचं, वॉशिंग्टनच्या आयुष्यावर. शाळेच्या नावाला शोभेल अशी आरती ओवाळून घेण्याची सरकारची अपेक्षा असणार. या गड्याने काय केलं, तर वॉशिंग्टनच्या मळ्यावर राबणारे काळे गुलाम काढले आणि पश्चिमेकडे निघालेल्या गोऱ्यांच्या पायांशी एक मूळ अमेरिकी माणूस मरून पालथा पडलेला दाखवला. पाठ्यपुस्तकं जे गाळत होती तेच त्याने भिंतीवर चढवलं. हेतू स्वच्छ होता.

पण साठीच्या दशकात तिथल्या काळ्या विद्यार्थ्यांनी विचारलं, आम्ही रोज जिन्यात आमच्या पूर्वजांना गुलाम म्हणूनच का पाहायचं? त्यांच्या रेट्यामुळे ड्युई क्रम्पलर या तरुण काळ्या चित्रकाराने त्याच शाळेत उत्तरादाखल नवी भित्तिचित्रं केली, ती १९७४ मध्ये पुरी झाली. वाद मात्र शमला नाही. जून २०१९ मध्ये शाळा मंडळाने आर्नाटॉफची चित्रं रंग फासून पुसायचं ठरवलं, ऑगस्टमध्ये "पुसू नका, झाका" असा ४ विरुद्ध ३ मतांनी ठराव केला. माजी विद्यार्थी कोर्टात गेले, २०२१ मध्ये निकाल मंडळाच्या विरोधात लागला आणि २०२२ मध्ये मंडळाने निर्णय फिरवला. चित्रं जागेवर आहेत. ज्याने त्यांना उत्तर दिलं तो क्रम्पलरही ती राहू द्या म्हणूनच बोलत होता.

माझं मतही तेच, राहू द्यावीत. पण त्या मुलांच्या म्हणण्यात तथ्य नव्हतं असं मला वाटत नाही. ज्याच्या बाजूने चित्र काढलं त्यालाच ते बोचू शकतं आणि चित्रकाराचा चांगला हेतू तिथे कामी येत नाही. लेकीला हेच विचारा, पण रागाने नको : मैत्रिणीच्या आईला विचारलंस का?

ताई, तुमच्या पत्रातली मला खरी खटकलेली गोष्ट ही आहे, तुमचं ग्रीन कार्ड नव्हे. ती बाई कुठल्या स्थितीत आहे, कागदपत्रं आहेत की नाहीत, तुम्हाला ठाऊक नाही. तिचा हुबेहूब चेहरा पोस्टरवर, पोस्टरचा फोटो इन्स्टाग्रामवर, खाली शाळेचं नाव. ज्यांच्यासाठी मोर्चा, त्यांचाच पत्ता आपण सांगून बसायचो. तिने स्पष्ट होकार दिला असेल तरी चेहरा बदलावा, असं मी म्हणेन. चित्राचा जोर त्याने कमी होत नाही. एमरी डग्लस याचं काम तिला दाखवा. काळ्यांच्या हक्कांसाठी लढणारा ब्लॅक पँथर पक्ष १९६६ मध्ये ओकलंडला स्थापन झाला, तुमच्या घरून बार्टच्या लोकलने जाता येईल इतक्या अंतरावर. डग्लस त्यांचा सांस्कृतिक मंत्री. सॅन फ्रान्सिस्कोच्या सिटी कॉलेजात जाहिरातीची चित्रकला शिकलेला. पक्षाच्या वर्तमानपत्रात त्याची जाड काळ्या रेषेची, एकदोन रंगांतली चित्रं यायची, कारण छपाई स्वस्तात उरकायची असे. वस्तीतल्या आया, पोरं, म्हाताऱ्या. ज्याला त्याला त्यात आपल्या घरचं माणूस दिसे. हातात धरायच्या पोस्टरला तीच जाड रेष हवी. हुबेहूब पोर्ट्रेट रस्त्यापलीकडून कळतच नाही, हे तिच्या चित्रकलेच्या बाईसुद्धा सांगतील.

सासऱ्यांचा मुद्दा घ्यायचा तर ब्लॅक पँथर परके कसे? त्यांच्याच नावावरून १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात अमर शेख आणि अण्णा भाऊ साठे डफ घेऊन उभे होते, ते त्यांच्या पिढीला मी काय सांगावं! आणि कला-राजकारण वेगळं ठेवा असं मराठी माणसाने कोणत्या तोंडाने म्हणायचं? आपल्याकडे एका व्यंगचित्रकाराने १९६० मध्ये साप्ताहिक काढलं आणि त्यातून सहा वर्षांनी पक्ष निघाला. तो पक्ष आवडो वा न आवडो, कुंचल्याने काय होतं हे मुंबईने पाहिलेलं आहे.

आता कायद्याचं. लेक अमेरिकी नागरिक आहे. तिच्या पोस्टरमुळे तुमचा अर्ज अडत नाही. सरकारी शाळेत विद्यार्थ्याला मत मांडता येतं, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्येच सांगितलंय. त्या खटल्यातली मुलं व्हिएतनाम युद्धाच्या निषेधार्थ काळ्या फिती बांधून शाळेत गेली होती. शाळेचं कामकाज बिघडवणं मात्र त्यात बसत नाही. वर्ग सोडून गेलं तर गैरहजेरी लागू शकते, पण कॅलिफोर्नियात २०२३ पासून माध्यमिक आणि हायस्कूलच्या मुलांना नागरी किंवा राजकीय कार्यक्रमासाठी वर्षातून एक दिवसाची माफ रजा मिळते. त्यासाठी शाळेला आधी कळवावं लागतं. तेवढी चिठ्ठी तुम्ही द्या. बापाच्या सहीने दिलीत तर अबोलाही सुटेल.

तुम्हा दोघांचं वेगळं आहे. शांततेने मोर्चाला जाणं गुन्हा नाही, पण अटक झाली तर खटला न टिकताही ग्रीन कार्डच्या अर्जात ती सांगावी लागते. म्हणून जायचं असेल तर आधी इमिग्रेशनच्या वकिलाशी बोला, व्हॉट्सअॅप ग्रुपवरच्या वकिलांशी नव्हे. पुण्याहून भाचा-पुतण्या शिकायला येणार असेल तर त्यालाही सांगून ठेवा की २०२५ पासून विद्यार्थी व्हिसासाठी सोशल मीडियाची खाती सार्वजनिक ठेवायला लावतात आणि तपासतात. तुमच्या लेकीच्या फोटोंत त्याला टॅग करायचं काही कारण नाही.

राहिलं गॅरेजचं दार. घर भाड्याचं असेल तर विषयच मिटला, घरमालकाला विचारल्याशिवाय ब्रश लावायचा नाही. स्वतःचं असेल आणि एचओए, म्हणजे वसाहतीतल्या घरमालकांची संघटना, असेल तर कॅलिफोर्नियाचा कायदा तुमच्या मदतीला अर्धाच येतो. खिडकीत, अंगणात, दारावर कागद, पुठ्ठा किंवा कापडाचा फलक लावू द्यावा लागतो, तो राजकीय असला तरी. इमारतीच्या अंगावर थेट रंगवायला मात्र ते मनाई करू शकतात. फलक नऊ चौरस फुटांपेक्षा मोठा असेल तर आणि कापडी बॅनर पंधरा चौरस फुटांपेक्षा मोठा असेल तरीही. म्हणजे गॅरेजचं दार नाही, पण तीन फूट बाय पाच फुटांचं कापड चालेल. घरात जुनी चादर असेल तर तीच घ्या, मात्र कापण्याआधी टेपने मोजा.